बारावा सेकंद

“या कापडनी झोळी बांधू नको व बाई. यानी गाठ ऱ्हास नही, सरकस,” असं शोभाबाई म्हणाल्या होत्या, आणि उज्ज्वलानं ते एका कानानं ऐकून दुसऱ्या कानानं सोडून दिलं होतं. सासूचं बोलणं बाजूला सारायची तिची एक रीत होती. तोंडानं ‘हो आई’ म्हणायचं आणि हातातलं काम तसंच चालू ठेवायचं. त्या दिवशीही ती स्टुलावर चढून छताच्या कडीत कापड ओवत होती. झोळीचं सुती लुगडं लेकीनं, कानूनं, ओलं केलेलं, दोरीवर अजून दमट होतं. आणि नवऱ्यानं, हेमराजनं, मिलमधून आणलेला पाच मीटरचा सेकंडचा तुकडा, छपाई हललेला म्हणून बाजूला काढलेला, कपाटात नवाकोरा पडून होता. पिवळाधम्मक, त्यावर लंबगोलात कुठल्याशा देशाच्या अध्यक्षाचं तोंड, भोवती निळे पक्षी. छपाई हलल्यामुळं अध्यक्षाचा चष्मा नाकावरून घसरून गालावर आला होता. बी. ए. झालेल्या बाईला एक गाठ मारता येत नाही की काय, असं काहीतरी उज्ज्वलाच्या मनात आलं असणार. तिनं एकीवर एक अशा तीन गाठी मारल्या, लोंबकळून बघितलं, आणि सात महिन्यांच्या कानूला आत घातलं. गाठ सुटली असं म्हणता येत नाही. सुटताना काहीतरी कळतं, आवाज होतो, झटका बसतो. ती गाठ नुसती वाहून गेली. उज्ज्वला भिंतीला टेकून झोका देत होती आणि तिच्या डोळ्यांदेखत तीन गाठींच्या दोन झाल्या, दोनाची एक, आणि पिवळं कापड तेलाच्या धारेसारखं कडीतून उतरत खाली आलं. खाली गादी होती. ती तिथं कुणी, कधी दुमडून ठेवली होती, हे विचारायची गरज नव्हती. कानू गादीवर पडली, क्षणभर अध्यक्षाच्या दहा-बारा तोंडांत गुरफटली आणि हसली. शोभाबाई स्वयंपाकाच्या ओट्यापाशी पाठमोऱ्या उभ्या होत्या. ‘मी म्हटलं नव्हतं?’ हे त्यांनी तेव्हाही म्हटलं नाही आणि नंतरही नाही, आणि तेच उज्ज्वलाला फार लागलं.

त्यानंतर ती बघणारी बाई झाली. आधीही थोडी होतीच, पण आता तिचं बघणं थांबेना. गॅसचा कॉक बंद आहे हे तीनदा बघायचं. कानू झोपली की तिच्या पोटाचं वरखाली होणं बघायचं. खिडकीच्या गजात डोकं जाईल का, हे स्वतःची मूठ घालून बघायचं. सुरतेत बमरोलीच्या त्या गल्लीत खाली माग, वर माणसं. दिवसभर जमीन बारीक थरथरायची आणि त्या थरथरीवर कानू झोपायची. आठवड्यातून एक दिवस माग बंद असले की दचकून उठायची. शांततेत उठणारी पोर, असं शोभाबाई कौतुकानं सांगायच्या. उज्ज्वलाला मात्र त्यातही काहीतरी धोक्याचं वाटायचं. हेमराज म्हणायचा, “अगं, तू असं बघतेस ना, की ज्याला काही होणार नव्हतं त्यालाही वाटेल आपल्याला काहीतरी झालंय.”

तर बुधवारी सकाळी, साडेनऊच्या सुमाराला, ती कानूला वरणभात भरवत होती. कानू आता तेरा महिन्यांची. समोर काही हलत असलं तरच तोंड उघडायची, म्हणून टीव्ही चालू. कार्टून शोधताना बोट बातम्यांवर थांबलं. लाल पट्टी, ढोलासारखं संगीत, आणि ‘तख्तापलट’ हा शब्द, दर दोन मिनिटांनी थरथरत येणारा. एका टेबलामागे नऊ माणसं गणवेशात उभी होती आणि मधला एकजण कागदावरून वाचत होता. अगदी डावीकडचा, वयानं कोवळा, कॅमेऱ्याकडं असा बघत होता जसं शाळेच्या फोटोत उभं केल्यावर बघतात, हलू नको म्हटल्यावर. देश बदलला होता आणि त्या मुलाला आपले हात कुठं ठेवायचे हे कळत नव्हतं. उज्ज्वलानं शिरपूरला राज्यशास्त्र घेऊन बी. ए. केलं होतं. ‘लष्करी राजवटीची वैशिष्ट्ये लिहा, गुण दहा.’ तिनं सहा लिहिली होती, क्रमांक घालून, आणि आठ गुण मिळाले होते. एकाही वैशिष्ट्यात हात नव्हते. ती चमचा हातात धरून त्या हातांकडं बघत राहिली, आणि मग चित्र बदललं.

आधी पिवळं आलं. माणसं नंतर, बाजार नंतर, आधी ते पिवळं. उन्हात डावीकडून उजवीकडं धावत जाणारं पिवळं. ते पिवळं तिनं कुठंही ओळखलं असतं. हेमराज मिलमध्ये कलर मास्टर. रंग जुळवून देणं हे त्याचं काम. त्या पिवळ्यानं त्याला नऊ दिवस झोपू दिलं नव्हतं. माल मागवणारी पार्टी तिकडून नापास करायची, हा पुन्हा नवे तुकडे छापायचा. हळदीचं नको, झेंडूचं नको, आंब्याचं नको. घरी येऊन तुकडे खिडकीच्या काचेला चिकटवायचा आणि म्हणायचा, “मला आता दिसायचं बंद झालंय. तू सांग, यातला जिवंत कुठला?” उज्ज्वला तेव्हा कानूला पाजत बसलेली. तिनं मान वर केली आणि चौथ्या तुकड्याकडं हनुवटीनं दाखवलं होतं. “हा.” तोच पास झाला. मिलमध्ये कुणी त्या देशाचं नाव घेत नसे, उच्चारायलाही यायचं नाही; मालाचा नंबर होता सातशे बारा, म्हणून तो सातशे बाराचा देश. ताकेच्या ताके छापून, घड्या होऊन, हजीऱ्याच्या बंदरातून गेले, आणि नंतर घरात कुणाला त्याची आठवणसुद्धा राहिली नाही. आता टीव्हीत ते पिवळं एका बाईच्या अंगावर होतं आणि ती बाई पळत होती. तिच्या पाठीवर, त्याच कापडात बांधलेलं, एक बाळ होतं. फक्त डोकं दिसत होतं, पांढरं टोपडं घातलेलं, आणि ते डोकं धावण्याच्या तालावर हलत होतं. मागून लोक येत होते. काहींच्या हातात काठ्या. निवेदक सांगत होता की पदच्युत अध्यक्षांचं चित्र असलेलं कापड घालणाऱ्यांवर जमाव तुटून पडतोय. उजवीकडून एक हात आला. त्यानं बाईच्या कमरेशी लोंबणारं कापडाचं टोक पकडलं. बाई अर्धी वळली. आणि चित्र तुटलं. तिथं निवेदकाचा टाय आला.

“आई,” उज्ज्वला म्हणाली. “आई, इकडं या.”

शोभाबाई पिठाच्या हातानं आल्या. तोपर्यंत दृश्य पुन्हा सुरू झालं होतं. बातम्यांत दृश्यं पुन्हा पुन्हा येतात, हे उज्ज्वलाला माहीत होतं. पण आपल्यासाठी येतंय असं तिला पहिल्यांदा वाटलं. पिवळं, बाई, टोपडं, हात, वळणं. टाय. शोभाबाई पदर तोंडाशी धरून उभ्या राहिल्या. “हाई तं आपलं कापड व,” त्या म्हणाल्या, आणि मग, जसं कुणी मोठ्या देवळात गेल्यावर बोलतं तसं हळू, “कितला लांब गयं.”

कितला लांब. उज्ज्वलानं ते शब्द मनात पुन्हा म्हटले. तिनं आयुष्यात सुरत आणि शिरपूर यांच्यामधली वाट सोडून काही बघितलं नव्हतं. एकदा हजीऱ्याला गेली होती, कुंपणाबाहेरून क्रेन बघायला. हेमराज म्हणाला होता, बघ, त्या डब्यांतल्या एकात आपलं सातशे बारा आहे, आणि तिनं कुठल्या, असं विचारलं नव्हतं. आता तिच्या हनुवटीनं निवडलेला रंग समुद्र ओलांडून, कुठल्याशा बाजारात, एका बाईच्या हातात पडला होता. त्या बाईनंही तो तुकडा उन्हात धरून बघितला असेल. तिलाही वाटलं असेल, हा जिवंत आहे. आणि मग तिनं तो आपल्या बाळाभोवती गुंडाळला होता. मधे किती माणसं, किती भाषा, आणि दोन्ही टोकांना एकेक बाई, एकेक लेकरू. उज्ज्वलाला असं वाटलं की कुणीतरी तिला उचलून फार उंचावरून काहीतरी दाखवलंय, आणि त्याच वेळी मानेमागून गार हवा यावी तसा शोभाबाईंचा तो जुना आवाज आला: यानी गाठ ऱ्हास नही.

त्या दिवशी तिनं ते दृश्य किती वेळा बघितलं याला सुमार नाही. मराठी चॅनेलवर, हिंदीवर, गुजरातीवर. तिन्हींकडं तेच, फक्त संगीत वेगळं. एकानं काठीवाल्याभोवती लाल गोल काढला होता. एकानं कापडावरच्या अध्यक्षाच्या तोंडाकडं बाण दाखवला होता. एकानं मागच्या रणगाड्यावर. चर्चेच्या चौकटींत सहा माणसं एकमेकांवर ओरडत होती, महासत्ता म्हणत होती, खनिजं म्हणत होती, आणि मधल्या चौकटीत ती बाई आवाज नसलेली पळत होती, वळत होती, तुटत होती. दृश्य अकरा सेकंदांचं होतं. उज्ज्वलानं भिंतीवरच्या घड्याळावर मोजलं. सगळं जग सैनिकांकडं बघत असेल, तिला वाटलं, आणि या जगात मी एकटी त्या गाठीकडं बघतेय. कारण हे कापड सरकतं हे त्या निवेदकाला माहीत नाही, लष्कराला नाही, त्या काठीवाल्याला नाही. हे फक्त ते छापणाऱ्यांच्या घरात माहीत आहे. सुती म्हणून बघायला जावं तर सुती नाही, सगळं पॉलिस्टर. हाताला रेशमासारखं, आणि पकड शून्य. कदाचित त्या बाईलासुद्धा माहीत नसेल. कापड नवीन दिसत होतं. कदाचित पहिल्यांदाच बांधलं असेल. कुणी तिला म्हणालंही असेल, नको बांधू, आणि ती कुठल्याशा भाषेत हो आई म्हणाली असेल.

संध्याकाळी हेमराज आला तेव्हा ती दारातच म्हणाली, “सातशे बारा टीव्हीत आहे.” तो डबा हातात घेऊन तसाच उभा राहिला. दृश्य आलं. त्यानं पुढं वाकून बघितलं, मग आणखी पुढं, पडद्याला नाक लागेल इतका, आणि त्याच्या चेहऱ्यावर असं काही आलं की जे उज्ज्वलानं कानूच्या जन्माच्या दिवशीच फक्त बघितलं होतं. “उतरला नाही बघ,” तो म्हणाला. “एवढं ऊन तिकडं. सावलीतून उन्हात येते ना ती, तिथं बघ, तसाच्या तसा.”

“मी काय दाखवतेय आणि तुम्ही काय बघताय?”

“काय दाखवतेस?”

“बाळ.”

तो पुन्हा बघायला लागला. आता त्याला दिसलं. पण दृश्य तुटल्यावर त्यानं खांदे सैल सोडले. “वाचलं असेल गं. बाई तगडी आहे. आणि काही झालं असतं तर दाखवलं असतं की. हे लोक असलं सोडतात होय?” हे त्यानं धीर द्यायला म्हटलं, पण उज्ज्वलाच्या मनात ते उलटं होऊन बसलं. काही झालं असेल म्हणूनच तिथं कापलं असेल. बघवणार नाही तिथं कापतात. चांगलं झालं तर दाखवतात का? बाई पळून गेली, बाळ पाठीवरच राहिलं, घरी जाऊन तिनं त्याला पाजलं, ही काय बातमी आहे? दोन्ही शक्यता बाराव्या सेकंदात एकमेकींना चिकटून बसल्या होत्या आणि तिथं कुणाचा हात पोचत नव्हता. रात्री ती कोरडी भाकरीच मोडत बसली. शोभाबाईंनी तिच्या ताटात स्वतःच्या वाटीतली शेंगदाण्याची चटणी वाढली.

गुरुवारी तिनं फोनवर ते शोधलं. टीव्हीला थांबवता येत नव्हतं, फोनला येत होतं. कानू दुपारी झोपली तेव्हा ती जमिनीवर बसली, अंगठ्यानं दृश्य मागं-पुढं सरकवत, केसाएवढं केसाएवढं. असं केल्यावर धावणं धावणं राहत नाही. एक बाई शंभर वेळा उभी असते, शंभर जागी. पाचव्या सेकंदात डाव्या पायात चप्पल नाही हे दिसलं. सातव्यात डाव्या भुवईवर एक जुना डाग. ती उंच होती, आणि पळताना मान खाली घालत नव्हती. डोक्यावर काहीतरी ठेवून चालायची सवय असलेल्या बाईसारखी मान. आठव्यात ती थोडी समोर वळते. तिथं गाठ दिसायला हवी होती, छातीपाशी किंवा खांद्यावर. उज्ज्वलानं दोन बोटांनी चित्र मोठं केलं. मोठं केलं की ठिपके होतात. तिनं छोटं केलं, डोळे बारीक केले, पुन्हा मोठं केलं. गाठ नव्हती. कुठंच नव्हती. कापडाची वरची कड छातीवर आवळून, आत दुमडून, खोचलेली होती, जशी निऱ्या खोचतात तशी. खालची कड बाळाच्या बुडाखालून येऊन कमरेपाशी तशीच गुंडाळलेली, आणि एक टोक सुटं, तेच ते, जे हातानं पकडलं. दोन दिवस ती ज्या गाठीसाठी जीव मुठीत धरून बसली होती, ती गाठ त्या बाईनं मारलेलीच नव्हती. उज्ज्वलाला आधी हसू आलं, मग लाज वाटली. आपल्याकडं लेकरू टांगतात, म्हणून ती धरूनच चालली की सगळीकडं टांगत असतील. आणि टांगायचं म्हणजे गाठ. ती बाई टांगत नव्हती. तिनं बाळाला आपल्या अंगाला गुंडाळलं होतं, जसं आपण आपल्याच अंगाला नेसतो. न गाठीचं, न पिनेचं, नुसत्या घडीवर आणि अंगाच्या घेरावर आख्खं लेकरू तोललेलं. आणि तशात ती पळत होती! हे कुणी शोधून काढलं असेल, किती आज्यांनी किती नातींना शिकवलं असेल? उज्ज्वलानं फोन मांडीवर ठेवला आणि झोपलेल्या कानूकडं बघितलं. पण मग प्रश्न उरलाच, आणि आता तो जास्त वाईट होता. सुती कापडाची खोचण पक्की बसते. या कापडाची? गाठ वाहून गेलेली तिनं बघितली होती. खोचण तिनं बघितलेली नव्हती.

शुक्रवारी सकाळी अकरा वाजता ती सेकंडचं ते कापड घेऊन आगाशीत, वरच्या गच्चीत, गेली, आणि तिच्या मागोमाग, न विचारता, शोभाबाई कानूला कडेवर घेऊन आल्या. आधी तिनं तांदळाची पाच किलोची पिशवी बांधून बघितली. वाकायचं, पाठीवर ठेवायची, कापड वरून टाकायचं, काखांतून पुढं आणायचं, आवळायचं, दुमडायचं, खोचायचं. पिशवी दुसऱ्या पावलाला घसरली. पुन्हा. पुन्हा घसरली. शोभाबाई पाण्याच्या टाकीच्या सावलीत उभ्या राहून बघत होत्या. “तांदूय काय धरस व?” त्या शेवटी म्हणाल्या. “लेकरू धरस. त्याना पाय ऱ्हातस.” आणि त्या पुढं आल्या आणि त्यांनी कानूला सुनेच्या वाकलेल्या पाठीवर पालथं ठेवलं, दोन्ही बाजूंनी पाय सोडून, आणि कापड स्वतःच्या हातानं वरून ओढून घेतलं.

पलीकडं दोरीवर कपडे वाळत घालणारी रंजना, शेजारची, मूळची अमरावतीकडची, चिमटा दातांत धरून बघत होती. “काय वं उज्ज्वला,” ती म्हणाली, “झाशीले निघाली का? घोडा खाली बांधला का?”

“रंजनाताई, हसू नका. बघा फक्त मागून, सरकतंय का.”

“मी कायले हसू. सासू-सुना एका मताच्या झाल्या, हेच पाहून राह्यली मी.”

उज्ज्वला सरळ झाली. आणि जे झालं त्याची तिला कल्पना नव्हती. तेरा महिने ती कानूकडं बघत आली होती. समोरून, वरून, झोपेत, जागेपणी. पाठीवर घेतल्यावर बघता येईना. कानू दिसतच नव्हती. आणि तरी इतकी जवळ ती पोटातून बाहेर आल्यापासून कधी नव्हती. तिचा श्वास मणक्यावर कळत होता. तिचं छोटं पोट भरायचं आणि उज्ज्वलाची पाठ तेवढीच बाहेर यायची. गुडघे कमरेला चिमटे घेत होते. लेकरू धरतं, खरंच. उज्ज्वला एक पाऊल चालली, मग चार, मग टाकीपासून कठड्यापर्यंत भराभर, आणि मग ती पळाली. उन्हानं तापलेल्या आगाशीत अनवाणी, दोरीवरच्या ओल्या साड्यांच्या खालून, टाकीपाशी वळून पुन्हा. पाठीवर काहीतरी फुटलं, झऱ्यासारखं. कानू हसत होती, आणि ते हसणं कानाला ऐकू यायच्या आधी हाडांतून येत होतं. खोचण टिकली. हे सरकणारं कापड, ज्यावर तीन गाठी टिकल्या नव्हत्या, ते गाठ न मारल्यावर टिकलं होतं. खालून मागांचा आवाज येत होता, लांब पांडेसऱ्याच्या धुराड्यांचा धूर सरळ वर जात होता, आणि उज्ज्वलाला एका क्षणापुरतं असं वाटलं की ती त्या बाईच्या मागोमाग पळत नाही, ती तिच्या आतून पळतेय. तिला आतून कळतंय की मान खाली का घालायची नाही. मान खाली गेली की पाठ गोल होते आणि खोचण सैल पडते.

ती धापा टाकत सासूपुढं थांबली. “टिकलं,” शोभाबाई म्हणाल्या.

“आता ओढा.”

“काय?”

“ते टोक. कमरेपाशी लोंबतंय ते. त्यानं ओढलं ना, तसं ओढा. जोरात. रंजनाताई, तुम्ही मागं हात धरून उभ्या राहा, पडली तर झेला.”

रंजनाच्या तोंडातला चिमटा हातात आला. शोभाबाईंनी टोक धरलं. सुनेनं सांगितलं म्हणून धरलं. त्यांची बोटं त्या कापडावर, अध्यक्षाच्या कपाळावर आवळली गेली. उज्ज्वलानं डोळे मिटून मान ताठ केली. खाली कुणीतरी मागाचा पट्टा बदलत होतं, तेवढा आवाज थांबला होता. काहीच झालं नाही.

“ओढा ना आई.”

“नही व.”

“रंजनाताई आहेत मागं.”

“पन्नास रंजना ऱ्हाऊ दे,” शोभाबाई म्हणाल्या. “माले वढता येस नही. हात जास नही मन्हा. तू वढशी का, दुसरीनं लेकरू ऱ्हायनं तर? देख तू.” आणि त्यांनी टोक सोडून दिलं.

रंजना म्हणाली, “मी बी नाही बाप्पा.” आणि कानूला कापडातून अलगद काढून तिनं स्वतःच्या खांद्यावर घेतलं, जसं काही तिथं खरंच कुणी ओढणार होतं.

उज्ज्वला मग त्या दोघींवर रागावली नाही. तिला दिसलं की हे असं तपासून बघताच येणार नाही. शोभाबाईंनी ओढलं असतं तरी ते अर्धवट ओढलं असतं. हातानं लेकराला ओळखलं असतं आणि मधेच सैल सोडलं असतं. तसा हात या आगाशीत नाही, या गल्लीत नाही. पण मग तिला आणखी एक दिसलं, आणि ते दिसल्यावर ती पायरीवर बसलीच. त्या अकराव्या सेकंदातला तो हात. तोही कुणाच्या तरी अंगाला जोडलेला असेल. त्या हातानंही टोक पकडल्यावर, पाठीवरचं टोपडं समोर आल्यावर, सैल सोडलं असेल का? सोडू शकतो. माणसाचा हात आहे. एवढ्या मोठ्या देशात राजा बदलला, टेबलामागे नऊजण उभे राहिले, रणगाडे आले. पण त्या गल्लीत, त्या क्षणाला, सगळं एका हाताच्या पाच बोटांवर येऊन थांबलं होतं, आणि तो हात आपला आपण ठरवणार होता. परीक्षेत हे कुणी विचारलं नव्हतं. विचारलं असतं तर तिला लिहिता आलं नसतं.

संध्याकाळी हेमराज खुशीत आला. सातशे बाराच्या पार्टीनं नवीन माल सांगितला होता, लगेच, पंधरा दिवसांत. त्यानं फोनवर डिझाइन दाखवलं. तेच निळे पक्षी, तोच लंबगोल. आत टोपी घातलेला सेनापती. “फक्त तोंड बदललंय,” तो म्हणाला. “रंग तोच पाहिजे म्हणतात. यावेळी नऊ दिवस नाहीत, एका दिवसात उडवतो.”

“आणि कापड?”

“तेच.”

“त्यात बाळं बांधतात हो. मिलच्या सेठला सांगा ना, सुती नाही तर निदान थोडं खरबरीत.”

हेमराज हसायला निघाला होता, पण तिच्या तोंडाकडं बघून थांबला. “सांगतो,” तो म्हणाला. “मी रंगाचा माणूस, कापडात माझं कोण ऐकतंय? पण सांगतो.” आणि तो सांगेल हे तिला माहीत होतं, आणि सेठ काय म्हणेल हेही.

शनिवारी ते दृश्य कुठंच नव्हतं. तिन्ही चॅनेलवर दुसरं काहीतरी चालू होतं, कुठलासा पूल, कुठलंसं लग्न. नवा सेनापती एकदा चार सेकंद दिसला, कुणाशी तरी हात मिळवताना. फोनवर शोधलं तर तिथंही ते अकरा सेकंदच होते, शंभर ठिकाणी, शंभर नावांनी, आणि सगळे त्याच जागी तुटलेले. बाराव्याला कुणी हात लावला नव्हता. उज्ज्वलानं टीव्ही बंद केला आणि कानूला समोर काही हलत नसताना भरवायला लागली. कानूनं तोंड उघडलं नाही. तेव्हा ती म्हणाली, तो बारावा सेकंद शोधणं आपल्याला एकटीला जमायचं नाही, आणखी माणसं लागतील.

म्हणून हे जे कुणी वाचत असेल, त्याला उज्ज्वला सांगते आहे. तुमचं कुणी तिकडं, सातशे बाराच्या देशात, असेल. सुरतेची माणसं, कच्छची माणसं कुठं कुठं दुकानं मांडून बसलेली असतात, कुणाचा दीर असतो, कुणाचा भाचा. त्याला त्या बाजारात जाऊन यायला सांगा. दृश्यात बघा, गल्लीच्या तोंडाशी निळी पाण्याची टाकी आहे, आणि समोर लोखंडी पूल. कापडावरून शोधू नका, ते तिनं आता टाकून दिलं असेल, निदान टाकून दिलेलं असू दे. उंच बाई आहे, डाव्या भुवईवर डाग आहे, मान ताठ ठेवते. तिला सरकारचं काही विचारू नका, घाबरेल. काहीच विचारू नका. नुसतं तिच्या पाठीकडं बघा. आणि पाठ मोकळी दिसली तर लगेच काही ठरवू नका. बाळं झोपतात, आजीकडं ठेवलेली असतात, या वयात खाली उतरून चालायलाही लागतात. तासभर थांबा तिथं. चहा घ्या कुठं मिळाला तर. आणि मग परत एकदा बघा.